म्हाळ आपल्यापाशीच थांबला तर?

"वडिलांच्या माघारी घरचे कुळाचार आमच्याकडून पूर्वीसारखे होत नाहीत, याचा दोष लागेल का?" हा प्रश्न भाद्रपद जवळ आला की समुपदेशक म्हणून माझ्याकडे हमखास येतो. ओळख पटू नये इतपत तपशील बदलून त्यांपैकी एक अनुभव येथे मांडते.

कांदिवलीत राहणारे हे गृहस्थ पंचेचाळिशीतले, मूळचे सिंधुदुर्गातले. गिरणीकामगार असलेले वडील जाऊन दोन वर्षे झाली होती. त्यांच्या तिथीला रजा मिळत नव्हती, पत्नीही नोकरी करणारी, आणि आई मात्र म्हाळ, म्हणजे पितृपक्षातले श्राद्ध, परळच्या चाळीत होई तसाच व्हावा म्हणून अडून बसलेल्या. "वाडवडिलांपासून चालत आलेलं माझ्या हातून मोडणार," असे ते पुनःपुन्हा म्हणत. झोप तर केव्हाच उडाली होती. वडिलांविषयी ते इतक्या दिवसांत कोणाशी मोकळेपणी बोललेच नाहीत, हे कळल्यावर मला विधीच्या काळजीआड साचलेले दुःख अधिक जाणवले.

दोष लागतो की नाही, हे सांगणे समुपदेशकाचे काम नव्हे. ते पुरोहितांना विचारावे. मी पुढच्या भेटीला आईंना बोलावले आणि काय व्हायला हवे हे न विचारता, चाळीत म्हाळाच्या दिवशी नेमके काय होत असे, एवढेच विचारले. त्या खुलल्या. एका खोलीत स्टोव्हवर वडे तळायचे, काळ्या वाटाण्याचे सांबार शेजारणीच्या चुलीवर शिजायचे, कावळ्याचे पान गॅलरीच्या कठड्यावर ठेवायचे. मग ओघात त्या म्हणाल्या, की 1982च्या संपात गिरणी सुटली, यजमानांनी पहारेकऱ्याची नोकरी धरली आणि तिथीला सुटी मिळेना, म्हणून त्यांनीच म्हाळ सर्वपित्री अमावास्येवर नेला. एका वर्षी तर नुसत्या खिरीवर भागवले होते. मुलाला यातले काहीच ठाऊक नव्हते. ते तिथेच, बऱ्याच दिवसांनी, रडले.

श्राद्धात पिता, पितामह आणि प्रपितामह अशा तीन पिढ्यांची नावे घेतात; त्यांना पणजोबांचे नाव येत नव्हते. आईंनी ते सांगितले, शिवाय घरातल्या बायकांचीही नावे सांगितली आणि नातीने ती वहीत उतरवून घेतली. त्या वर्षीचा म्हाळ अमावास्येला झाला. वडे बाहेरून आणायला मात्र आईंचा अजूनही विरोध आहे, आणि त्या वादात मी पडलेले नाही.