शेळीच्या आतड्यातल्या गाठी

भाऊ, तुमची शेळी कुटार खाते, पाला खाते, तरी पाठीचा कणा हाताला लागतो म्हणता. लेंड्यांऐवजी काळपट-हिरवं, शेंबडासारखं पातळ पडत असेल तर गाठीच्या जंताचा संशय घ्या.

मी पहिल्यांदा पाहिलं ते बोकड कापताना. वझडी धुवायला घेतली तर आतडं खडबडीत, ज्वारीच्या दाण्याएवढ्या गाठी. एक फोडली, आत हिरवट घट्ट पू. वझडी फेकली.

गवतावरची अळी चाऱ्यासोबत पोटात जाते, आतड्याच्या भिंतीत घुसते. शरीर तिला कोंडायला भोवती गाठ बांधतं. तिथून सुटलेली मोठ्या आतड्यात वाढते आणि साधारण 6 आठवड्यांत अंडी घालू लागते. म्हणून गाठीतल्या अळ्यांनी ढाळ लागली तरी लेंड्यांत अंडी सापडतीलच असं नाही. तपासणी मात्र कराच. ताजा नमुना डब्बीत घालून दवाखान्यात न्या. औषधानं जंत मरतात, जुन्या गाठी राहतातच.

औषध अंदाजानं पाजू नका. ती चूक मी केली: वजन न करता सगळ्यांना एकच माप. कमी मात्रेतून वाचलेले जंतच पुढे औषधाला दाद देत नाहीत. गाभण शेळी असेल तर डॉक्टरांना आधी सांगा, अल्बेंडॅझोल हे जंताचं औषध सुरुवातीच्या गाभणकाळात चालत नाही.

पावसाळ्यात दव सुकल्यावरच चारायला सोडा. आणि कुटार जमिनीवर नको, गव्हाणीत टाका. जमिनीवरच्या कुटारातच लेंड्या पडतात ना बाप्पा!