दानाबद्दल वाचायचं तर काय?

प्रश्न : निवृत्तीनंतर दरमहा थोडी रक्कम दान करायचं ठरवलंय. आधी काही वाचावं म्हणतो, पण हाती येतात ती धनिकांची गुळगुळीत चरित्रं. काय वाचू?

उत्तर : चरित्रं बाजूला ठेवा. मीही दोन अर्धवट सोडलीत. अँड्र्यू कार्नेगी यांचा १८८९चा संपत्तीवरचा निबंध मात्र वाचा, एका बैठकीत होतो. गडगंज राहून मरणं लाजिरवाणं, असं हा अमेरिकी पोलादसम्राट म्हणतो. माझ्या प्रतीत त्या ओळीशेजारी पेन्सिलीनं '१८९२?' लिहिलंय. त्या वर्षी त्यांच्याच होमस्टेडच्या कारखान्यात पगारकपातीवरून संघर्ष पेटला, गोळीबारात माणसं गेली. अडीच हजारांवर ग्रंथालयांना पैसा देणारा माणूसही हाच. दोन्ही गोष्टी डोक्यात ठेवून वाचा, तरच मजा.

मग तत्त्वज्ञ पीटर सिंगर यांचं २००९चं 'द लाइफ यू कॅन सेव्ह'. तळ्यात मूल बुडतंय, तर बूट खराब होतील म्हणून काठावर थांबाल का? नाही ना? मग लांबच्या, न दिसणाऱ्या मुलाचं काय? त्यांचं म्हणणं मला पटतं आणि छळतंही (नवे बूट घेताना तर हमखास).

शिवाय बाराव्या शतकातले ज्यू धर्मपंडित मायमोनिडीस. दानाच्या आठ पायऱ्या त्यांनी मांडल्या. कुरकुरत देणं सर्वांत खाली, आणि कर्ज, भागीदारी किंवा काम देऊन समोरच्याला पायावर उभं करणं सर्वांत वर. जेमतेम पानभर मजकूर. दरमहाची रक्कम ठरवण्याआधी तेवढा तरी वाचाच.