पारसिकचा डोंगर उल्केमुळे झाला का?

प्रश्न: मुलगा सातवीत आहे. कुठल्यातरी व्हिडिओत बघून सगळ्यांना सांगत सुटलाय की उल्का पडून डायनासोर मेले आणि त्याच दणक्याने आपल्याकडे लाव्हा वर आला, पारसिकचा डोंगर तोच. खरंय का हे? आणि लोणार पण त्याच वेळचं का?
– एक वाचक, कळवा

उत्तर: अर्धं बरोबर आहे, त्यामुळे पोराला एकदम गप्प करू नका. पारसिक काय नि येऊर काय, हा काळा बेसाल्ट म्हणजे थिजलेला लाव्हाच आणि तोही साधारण ६.६ कोटी वर्षांच्या आसपासचा. पण उल्का पडली तिकडे मेक्सिकोत, चिक्शुलूबला, आणि आपल्याकडे लाव्हा त्याच्या आधीपासूनच वाहत होता, त्यामुळे उल्केने तो सुरू केला हे काही जमत नाही. दणक्याने त्याचा जोर वाढला का, यावर शास्त्रज्ञांची भांडणं अजून चालूच आहेत.

खरा घात वेगळाच झाला. दहाएक किलोमीटरचा दगड, खड्डा १८० किलोमीटरचा, म्हणजे ठाणे आणि नाशिक दोन्ही आत मावतील, पण नुसत्या खड्ड्याने अख्ख्या पृथ्वीवरचे प्राणी मरत नाहीत. तिथल्या खडकात जिप्सम होतं, त्यातलं गंधक वर हवेत गेलं, सोबत धूळ, काजळी, मग ऊन खालपर्यंत पोचेना, झाडं आणि समुद्रातलं प्लवक, म्हणजे पाण्यात तरंगणारे बारीक जीव, गेलं आणि त्यांच्यावर जगणारे उपाशी मेले. चारातल्या तीन प्रजाती संपल्या. तगले ते बरेचसे लहान अंगाचे, मिळेल ते खाणारे, आपले पूर्वज त्यातलेच. आणि पक्षी! ग्रिलवर घाण करणारं कबूतर डायनासोरच्याच खानदानातलं, हे मुलाला नक्की सांगा.

लोणार फार नंतरचं, साधारण ५.७ लाख वर्षांपूर्वीचं. बेसाल्ट आधीच थिजून पडला होता, त्यावर उल्का आदळली आणि १.८ किलोमीटर रुंद खड्डा झाला. दगड आपल्याकडच्यासारखाच, म्हणून कितीतरी वर्षं लोक त्याला ज्वालामुखीचं तोंड समजायचे. मग तिथे मास्केलिनाइट सापडलं, म्हणजे प्रचंड दणक्याने काचेसारखं झालेलं फेल्डस्पार हे बेसाल्टमधलं खनिज, आणि इतका दाब ज्वालामुखीत येतच नाही. उल्का स्वतः बहुतेक वितळून, वाफ होऊन गेली, त्यामुळे कोणी 'उल्केचा तुकडा' विकायला आणला तर घेऊ नका. काठावर बेसाल्टचे थर उचलले गेलेले दिसतात, ते दाखवायला मुलाला घेऊन जा, फक्त मे महिन्यात नको, बुलढाण्याचं ऊन झेपणार नाही.