मिल नागपूरची, फुटेज मुंबईचं?

प्रश्न : एम्प्रेस कापड मिलच्या जुन्या कामगारांवर छोटी डॉक्युमेंटरी करून राहिलो. मुलाखती मस्त झाल्यात, पण चालू मिलचं आतलं फुटेज कुठंच मिळून नाही राहिलं. यूट्यूबवर मुंबईच्या गिरण्यांचं आहे, ते लावलं तर? साचा (माग) तो साचा, कोणाला काय कळते! – एक वाचक, महाल, नागपूर

उत्तर : कळते ना, आणि सगळ्यात आधी तुमच्याच कामगारांना कळते. ज्याची उभी हयात साचेखात्यात गेली तो पहिल्याच शोला शेजारच्याला कोपर मारून म्हणेल, हे आपलं खातं नाही बे, आणि मग तुमच्या खऱ्या मुलाखतींवरही कोणी भरवसा ठेवणार नाही. लावायचंच असेल तर खाली सरळ पट्टी द्या, मुंबई, अमुक साल.

तसंही मिल सुरू झाली १८७७ ला आणि भारतात सिनेमा पहिल्यांदा दाखवला गेला १८९६ ला, त्यामुळे सुरुवातीच्या काळासाठी फोटो आणि कागदच. नंतरच्या काळासाठी सरकारी फिल्म्स डिव्हिजनचे वार्तापट, म्हणजे बातम्यांच्या छोट्या फिल्मा बघा, ही संस्था १९४८ ला सुरू झाली आणि २०२२ ला एनएफडीसीत (राष्ट्रीय चित्रपट विकास महामंडळात) विलीन झाली म्हणून विचारणा तिकडे करा. पण वार्तापटात आवाज बहुतेकदा नंतर चढवलेला असायचा, म्हणजे साच्यांची खडखड त्याच साच्यांची असेलच असं नाही, आणि निवेदन तर पक्कं सरकारी, सगळीकडे प्रगतीच प्रगती. मी तर ते निवेदन बंद करून त्यावर तुमच्या कामगाराचा आवाज टाकीन, नाकातोंडात कापूस कसा जायचा ते सांगतानाचा, बघा मग तोच शॉट कसा वेगळा दिसते ते.

यूट्यूबवर टाकणारा मालक असतोच असं नाही. आपल्याकडे फिल्मचा कॉपीराइट प्रदर्शनाच्या पुढच्या वर्षापासून ६० वर्षं, म्हणजे १९६० चा वार्तापट २०२० संपल्यावर मोकळा. चांगल्या स्कॅनचे पैसे मात्र लागतात.

आणि कामगारांच्या घरी विचारलं का? लग्नाच्या, मारबतीच्या मिरवणुकीच्या व्हीएचएस कॅसेटी माळ्यावर पडून असतात, मागे एखादवेळी मिलची भिंत, गेट दिसून जाते. टेपवर पांढरी बुरशी असेल तर प्लेयरमध्ये घालू नका, टेपही जाते आणि प्लेयरचं हेडही. चित्र जुन्या टीव्हीसारखं ४:३ चंच ठेवा, ताणून रुंद केलं की नवरदेव उगाच जाडा दिसतो. ज्यांची कॅसेट त्यांच्याकडून लेखी परवानगी आत्ताच घ्या, फेस्टिव्हलवाले नंतर मागतात.

आतलं काहीच नाही मिळालं तर कामगारालाच सांगा, तुटलेला धागा कसा जोडायचे ते हाताने करून दाखवा, आणि कॅमेरा त्या हातांवरून हलवू नका.