2018 साली मुंबईत झालेला फुटबॉलचा इंटरकॉन्टिनेन्टल कप नुसताच सरावाचा होता का? आणि न्यूझीलंडने भारताला हरवूनही अंतिम सामना केनियाने कसा खेळला?

आधी पहिल्या प्रश्नाचे उत्तर देतो. होय, ती स्पर्धा सरावासाठीच होती आणि त्यात कमीपणा मानण्यासारखे काही नव्हते. भारत जानेवारी 2019 मध्ये संयुक्त अरब अमिरातीत होणाऱ्या आशियाई चषकासाठी पात्र ठरला होता आणि प्रशिक्षक स्टीफन कॉन्स्टंटाइन यांच्या संघाला त्यापूर्वी वेगवेगळ्या धाटणीच्या प्रतिस्पर्ध्यांशी खेळण्याची गरज होती. म्हणून 1 ते 10 जून या काळात केनिया, न्यूझीलंड आणि चिनी तैपेई (म्हणजे तैवान) या तीन संघांना निमंत्रण देऊन अंधेरीच्या मुंबई फुटबॉल अरेनावर ही स्पर्धा भरवण्यात आली. रशियातील विश्वचषक 14 जूनला सुरू होणार होता आणि या चौघांपैकी कोणीच त्यात नसल्यामुळे सगळ्यांनाच सवड होती. न्यूझीलंड नोव्हेंबर 2017 मध्ये पेरूविरुद्धच्या प्लेऑफमध्ये, म्हणजे विश्वचषक पात्रतेच्या निर्णायक लढतींत, हरला होता. इथे त्यांनी बहुतांशी तरुण खेळाडूंचा संघ पाठवला.

दुसऱ्या प्रश्नाचे उत्तर गोलफरकात, म्हणजे केलेल्या आणि खाल्लेल्या गोलांच्या वजाबाकीत आहे. प्रत्येक संघाने उरलेल्या तिघांशी एकेकदा खेळायचे आणि पहिल्या दोघांनी अंतिम सामना खेळायचा, असा साधा नियम होता. भारताने चिनी तैपेईला 5-0 आणि केनियाला 3-0 असे हरवले आणि मग संघात बरेच बदल करून न्यूझीलंडशी खेळताना 1-2 अशी हार पत्करली. न्यूझीलंडने तैपेईला 1-0 असे नमवले होते. पण केनियाकडून ते 1-2 असे हरले होते. त्यामुळे साखळीतल्या शेवटच्या लढतीपूर्वी न्यूझीलंडचे सहा गुण आणि केनियाचे तीन गुण अशी स्थिती होती, आणि केनियाला तैपेईविरुद्ध नुसता विजय पुरणार नव्हता, तो मोठ्या फरकाने हवा होता. त्यांनी 4-0 असा विजय मिळवला. तिन्ही संघांचे सहा-सहा गुण झाले. गोलफरक मात्र भारताचा अधिक सात, केनियाचा अधिक दोन आणि न्यूझीलंडचा अधिक एक असा राहिला. यजमानांना हरवणारा एकमेव संघ एका गोलाच्या फरकाने घरी गेला.

मुंबईकरांच्या लक्षात ही स्पर्धा राहिली ती मात्र या हिशेबामुळे नव्हे. सलामीला भारताचा कर्णधार सुनील छेत्री याने हॅट्‌ट्रिक केली, तेव्हा मैदानात अवघे 2,569 प्रेक्षक होते. दुसऱ्या दिवशी त्याने चित्रफीत प्रसारित करून लोकांना विनंती केली की, आमच्यावर टीका करा, शिव्याही द्या, पण मैदानावर येऊन आमचा खेळ पाहा. परिणामी 4 जूनच्या केनियाविरुद्धच्या सामन्याची तिकिटे संपली. तो छेत्रीचा शंभरावा आंतरराष्ट्रीय सामना होता आणि त्या रात्री पाऊस असा कोसळत होता की, जमिनीलगत मारलेला पास वाटेतच पाण्यात रुतून थांबत असे आणि दोन्ही बाजूंचे खेळाडू पुढे धावून मग चेंडूसाठी मागे वळत. मी त्या गर्दीत भिजत उभा होतो. पूर्वार्धात एकही गोल झाला नाही. अडुसष्टाव्या मिनिटाला छेत्रीने पेनल्टीवर खाते उघडले, लगेच जेजे लालपेखलुआने दुसरा गोल केला आणि भरपाई वेळेत छेत्रीने गोलरक्षकाच्या डोक्यावरून चेंडू अलगद जाळ्यात टाकला. अंतिम सामन्यातले दोन्ही गोलही त्याचेच. त्यातला पहिला अनिरुद्ध थापाच्या फ्री किकवर झाला, तर दुसऱ्या वेळी अनस एडाथोडिकाने मागून मारलेला लांब चेंडू छेत्रीने छातीवर झेलून डाव्या पायाने मारला. त्याच्या आंतरराष्ट्रीय गोलांची संख्या 64 झाली आणि त्या घडीला ती लिओनेल मेस्सीच्या गोलसंख्येइतकीच होती. असे सामने अधिकृत आंतरराष्ट्रीय सामने म्हणून धरले जातात, त्यामुळे हे गोल विक्रमात मोजले जातात. सरावाचे म्हणून ते वगळले जात नाहीत.

माझ्या मते, या स्पर्धेने भारताचे दुखणेही दाखवून दिले, पण चषकाच्या आनंदात तिकडे फारसे कोणी पाहिले नाही. भारताच्या अकरा गोलांपैकी आठ एकट्या छेत्रीचे होते. आशियाई चषकात थायलंडला 4-1 असे हरवल्यानंतर भारत अमिराती आणि बहारीनविरुद्ध एकही गोल करू शकला नाही आणि गटातच बाद झाला.

पुढची पर्वे अन्य शहरांत झाली. 2019 मध्ये अहमदाबादेत नवे प्रशिक्षक इगोर श्टिमाच नवोदितांना आजमावत होते. तिथे भारत ताजिकिस्तानविरुद्ध दोन गोलांची आघाडी घेऊनही 2-4 असा हरला, उत्तर कोरियाकडून 2-5 अशी मात खाल्ली आणि चषक उत्तर कोरियाने नेला. मग चार वर्षांचा खंड पडला. 2023 मध्ये भुवनेश्वरला लेबनॉनला अंतिम सामन्यात 2-0 असे हरवून भारत पुन्हा विजेता ठरला. 2024 मध्ये हैदराबादेत भारत, मॉरिशस आणि सीरिया असे तीनच संघ होते. सप्टेंबरमधील एकाच आंतरराष्ट्रीय विंडोत, म्हणजे देशांच्या संघांसाठी राखलेल्या दिवसांत, सगळे बसवायचे असल्याने अंतिम सामनाही ठेवला नव्हता. मॉरिशसशी गोलशून्य बरोबरी आणि सीरियाकडून 0-3 अशी हार, एवढीच भारताची त्या पर्वातली कमाई.