पदवीच्या ‘सर्टिफाइड कॉपी’वर नोटरीचा शिक्का चालतो का?

कधी चालतो, कधी नाही. तुम्ही लिहिलंय की परदेशातल्या एका संस्थेने पदवी प्रमाणपत्राची ‘सर्टिफाइड कॉपी’ मागितली आहे, मूळ प्रमाणपत्र तुमच्याकडे आहे आणि विद्यापीठाच्या खेपा वाचवायच्या आहेत. मीही त्याच आशेवर होतो. झेरॉक्स काढली, नोटरीकडून ‘सत्यप्रत’ असा शिक्का मारून घेतला आणि दिली पाठवून. उत्तर आलं: प्रत विद्यापीठानेच प्रमाणित केलेली हवी.

तेव्हा चिडलो होतो, पण त्यांचं म्हणणं रास्त होतं. नोटरी एवढंच सांगतो की मूळ कागद मी पाहिला आणि ही त्याचीच नक्कल आहे. तो मूळ कागद खरा की कुणी घरी छापलेला, हे तपासणं त्याचं काम नाही. विद्यापीठ मात्र आपल्या दफ्तराशी ताडून मगच सही करतं. त्यामुळे अर्ज करण्याआधी त्या संस्थेला ईमेल करून विचारा: प्रत कोणी प्रमाणित करायची, ती मी पाठवायची की विद्यापीठाने, आणि अपोस्टिल (कागदावरची सही आणि शिक्का खरा असल्याचा, परदेशात दाखवायचा सरकारी दाखला) लागेल का? उत्तर लेखी घ्या.

अपोस्टिलबद्दल फार गैरसमज आहेत. 1961 च्या हेग करारातून आलेला हा दाखला आहे. कागद एका सदस्य देशातून दुसऱ्या सदस्य देशात जाणार असेल तर सहसा दूतावासाच्या शिक्क्याऐवजी तो लागतो. त्यात दहा रकाने असतात आणि त्यांतून कळतं ते इतकंच: सही कुणाची, सही करणारा कोणत्या अधिकाराने सही करतोय आणि शिक्का कुणाचा. पदवी खरी असल्याची ग्वाही त्यात नसते. नोटरीच्या प्रतीवर अपोस्टिल घेतलंत तर ते नोटरीच्या सहीचं झालं, तुमच्या पदवीचं नव्हे! बोगस पदव्या विकणारे नेमका याच फटीचा फायदा घेतात, म्हणून कागद तपासणारे लोक संशयी असतात.

जुन्या माहितीवर विसंबू नका. कॅनडात हा करार 11 जानेवारी 2024 पासून लागू झाला. त्याआधी लिहिलेल्या सल्ल्यांत या देशासाठी अजून दूतावासाचीच वाट दाखवलेली असते. करारात नसलेल्या देशासाठी मात्र ती वाट आजही चालावी लागते: आधी आपलं परराष्ट्र खातं, मग त्या देशाचा दूतावास.

अर्जात ‘प्रमाणित प्रत’ असंच लिहा. ‘दुय्यम प्रत’ म्हणजे हरवलेल्या प्रमाणपत्राच्या जागी मिळणारं नवं प्रमाणपत्र. ते मागितलंत तर मूळ कागद कुठे गेला, कसा गेला याचा खुलासा मागतील. गुणपत्रकांच्या प्रतीही हव्या आहेत का, तेही आधीच विचारून घ्या, म्हणजे एकाच अर्जात काम उरकेल.

आता माझा दुसरा गाढवपणा. विद्यापीठाने प्रत सीलबंद पाकिटात दिली होती, पाकिटाच्या झाकणावर आडवी सही आणि शिक्का. नाव बरोबर छापलंय ना, हे बघायला मी ते घरी येऊन फोडलं. त्या क्षणी त्या प्रतीची किंमत शून्य झाली आणि पुन्हा पहिल्यापासून रांग! नाव तपासायचंच असेल तर पाकीट बंद होण्याआधी खिडकीवरच तपासा, आणि ते पासपोर्टवरच्या नावाशी अक्षर न् अक्षर जुळवून बघा. एक जादा पाकीटही मागून ठेवा.

मूळ प्रमाणपत्राला लॅमिनेशन केलं नसेल तर करू नका, त्यावर शिक्का धरत नाही. भाषांतर लागणार असेल तर ते अपोस्टिलच्या आधी हवं की नंतर, हेही त्याच ईमेलमध्ये विचारा. अपोस्टिलचंही भाषांतर हवं असलं तर आधी करून घेतलेलं भाषांतर अपुरं पडतं आणि भाषांतरकाराला दुसऱ्यांदा पैसे मोजावे लागतात.