सेंट मार्टिनचा अर्धा झगा

प्रश्न : सेंट मार्टिन घोड्यावर बसून तलवारीने झगा कापतोय आणि भिकाऱ्याला देतोय असं चित्र खूप ठिकाणी असतं. हे खरंच घडलं का? आणि द्यायचाच तर अख्खा का नाही दिला? काही चित्रांत हंस पण असतो, तो कशाला?

उत्तर : ही गोष्ट सुल्पिसियस सेव्हेरसने लिहिली, तो मार्टिनला स्वतः भेटलेला आणि चरित्र मार्टिन जिवंत असतानाच लिहून झालं होतं, म्हणजे निव्वळ नंतरची दंतकथा नाही. कडाक्याची थंडी, फ्रान्समधल्या आमिएं शहराची वेस, तिथे उघडा भिकारी, लोक बघून पुढे चाललेले. मार्टिन तेव्हा रोमन सैनिक, बाप्तिस्मा पण व्हायचा होता. जवळचं बाकी सगळं आधीच वाटून झालेलं, उरला एकच झगा, म्हणून त्याचेच दोन तुकडे केले, बस! अर्धा झगा सरकारी होता म्हणून दिला नाही असं जे सांगतात ते सुल्पिसियसकडे कुठेच नाही. अर्ध्या झग्यातला मार्टिन बघून काही लोक हसले असं मात्र त्याने लिहिलंय. त्या रात्री तोच तुकडा पांघरलेला येशू स्वप्नात दिसला, हा भाग श्रद्धेचा.

हंस नंतर आला. पुढे मार्टिन सैन्य सोडून मठात राहायला लागला. 371 मध्ये फ्रान्समधल्या तूर्सच्या लोकांना तोच बिशप, म्हणजे तिथल्या चर्चचा प्रमुख, हवा होता, त्याला ते नको होतं म्हणून तो हंसांच्या खुराड्यात लपला आणि हंसांनी ओरडून पकडून दिलं म्हणतात, पण सुल्पिसियस वेगळंच सांगतो, एका माणसाने बायको आजारी आहे असं खोटं सांगून त्याला मठातून बाहेर काढलं. काही बिशपांचा विरोध होता, का तर कपडे मळके आणि केस विस्कटलेले!

पण मला विचाराल तर चित्र काढावं ते ट्रिअरचं, म्हणजे आजच्या जर्मनीतल्या शहरातलं, जिथे तेव्हा सम्राटाचा दरबार होता. 385 च्या सुमारास प्रिसिलियन नावाच्या स्पेनच्या बिशपवर पाखंडाचा, म्हणजे चर्चला अमान्य मतं पसरवल्याचा, आरोप होता, काही बिशपांनाच त्याचा जीव हवा होता, आणि मार्टिन त्याच्या मतांचा नसूनही सम्राट मॅक्सिमसला सांगत होता की रक्त सांडू नका, चर्चमधून काढलं तेवढं पुरे. सम्राटाने शब्द दिला, मार्टिन गेल्यावर मोडला, प्रिसिलियनचं डोकं उडवलं. पुढे त्याच्या अनुयायांना मारायला स्पेनमध्ये अधिकारी निघाले, ते थांबवायला मार्टिनला त्याच बिशपांसोबत एकदा उपासनेत सहभागी व्हावं लागलं, ते त्याला फार लागलं. नंतर मरेपर्यंत बिशपांच्या एकाही सभेला गेला नाही.